मनाई हुकूम असताना शेजाऱ्यानं रस्त्यात चर मारला, कंटेम्प्ट कुठं टाकायची?

सोनाक्का_तासगाव

नमस्कार मंडळी, पहिल्यांदाच लिहितोय, चुकलं तर सांभाळून घ्या. तासगाव तालुका, तीन एकर द्राक्षबाग, सुपर सोनाक्का जातीची. छाटणी होऊन आज ४१ दिवस झालेत म्हणजे बाग ऐन फुलोऱ्यात आहे. बागेत जायचा रस्ता शेजाऱ्याच्या बांधाकडनं, आज्यापासनं वहिवाट. दोन वर्षं कुरबूर चालली होती, शेवटी आम्ही दावा टाकला आणि निशाणी ५ च्या (म्हणजे मनाईच्या) अर्जावर कोर्टानं आम्हाला तूर्तातूर्त मनाई दिली, हरकत अडथळा करायचा नाही म्हणून. घरी पेढे आणले होते त्या दिवशी.

परवा रात्री साडेअकराला जेसीबी लावून यानं रस्त्याच्या कडेनं लांबच्या लांब चर मारला आणि सगळी माती रस्त्यावर टाकली. सकाळी फवारणीचा ब्लोअर घेऊन गेलो तर ट्रॅक्टर आत जाईना, मागचं चाक मातीत कलंडाय लागलं म्हणून माघारी फिरलो. दोन दिवस ढगाळ हाय, डाऊनी (बुरशीचा रोग) आला तर या साली कर्ज कुठनं फेडू. पोलीस स्टेशनला गेलो, हुकमाची झेरॉक्स दाखवली, तिथले म्हणाले हे दिवाणी आहे कोर्टात जावा. आमचे वकील म्हणतात पुढच्या तारखेला बघू, पुढची तारीख तीन आठवड्यांनी. पाहुणा म्हणतो कशाला थांबतोस, आता हायकोर्टाचं बेंच कोल्हापूरलाच आलंय, डायरेक्ट कंटेम्प्ट म्हणजे कोर्टाच्या अवमानाची केस टाक, सहा महिने आत जातंय बघ. खरंच असं होतं का? कुणी केलंय का? खर्च किती? आणि शेजारी म्हणतोय मला हुकूमच मिळालेला नाही आणि रस्ता बंद कुठाय, जातोय की ट्रॅक्टर.

म्हैसाळचा_पाटील

दादा कोर्टाचं मागनं बघा, आधी बाग वाचवा. टँकर मेन रोडला उभा करा, एचटीपी पंपाला दोनशे-अडीचशे फूट पाईप जोडा आणि गडी लावून हातानं मारा. मी २ वर्षांपूर्वी अख्खा प्लॉट असा मारलाय, माणसं जास्त लागतात पण होतं. ढगाळ हवेत तीन आठवडे थांबायचं म्हणजे बेदाण्याला पण माल राहायचा नाही.

आणि चराची माती अजिबात हलवू नका. मन होईल फावडं घ्यायचं, पण नको. फोटो काढा, व्हिडिओ काढा, रस्त्याच्या रुंदीवर टेप आडवा धरून फोटो काढा, जवळनं आणि लांबनं.

गडबडे_मिरज

काही होत नाही राव. कंटेम्प्टचा दंड माहितीय का किती, २००० रुपये. १९७१ चा कायदा आहे तेव्हापासनं तेवढाच. एक फवारणी पण होत नाही त्यात. दिल्लीत एका मोठ्या वकिलाला १ रुपया दंड करून सोडलं. कोर्ट कचेरी करण्यापेक्षा गावातली चार माणसं घेऊन बसा.

विटेकर_अॅड

गडबडे, दोन वेगवेगळ्या गोष्टी एकात कालवू नका. २०२० चं ते १ रुपयाचं प्रकरण हे कोर्टाबद्दल काय बोललं यावरून होतं, त्याला फौजदारी अवमान म्हणतात. इथं विषय हुकूम मोडल्याचा आहे, तो दिवाणी अवमान. कायद्यातली व्याख्या छोटी आहे, कोर्टाचा हुकूम जाणूनबुजून मोडणं किंवा कोर्टाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं. सगळं वजन त्या जाणूनबुजूनवर आहे. दंड २००० हे खरं, पण सोबत ६ महिन्यांपर्यंत साधी कैद पण लिहिलेली आहे. आणि होत नाही म्हणू नका, आपल्याच राज्याचे वनमंत्री स्वरूपसिंह नाईक आणि त्यांच्या खात्याचे प्रधान सचिव या दोघांना सुप्रीम कोर्टानं मे २००६ मध्ये एक-एक महिना कैद दिली होती, कोर्टाच्या मनाईविरुद्ध सॉ मिलना परवानग्या दिल्या म्हणून. विजय मल्ल्याला २०२२ ला चार महिने दिले, आता तो इथं नाही ही गोष्ट निराळी.

आता सोनाक्का दादा तुमचं. पाहुण्याचं ऐकून कोल्हापूरची बस धरू नका. ऑगस्ट २०२५ पासनं सांगली, सातारा, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग ही कामं कोल्हापूर सर्किट बेंचला जातात हे बरोबर, खालच्या कोर्टाचा अवमान झाला तर शिक्षा करायचा अधिकार हायकोर्टाला आहे हे पण बरोबर (कलम १०). पण तुमचा हुकूम दिवाणी कोर्टाचा तूर्तातूर्त मनाईचा आहे आणि तो मोडला तर काय करायचं हे दिवाणी प्रक्रिया संहितेतच लिहून ठेवलंय, ऑर्डर ३९ रूल २ए. हायकोर्टात गेलात तर पहिला प्रश्न येणार, खाली उपाय असताना इथं का आलात? तिथनं हात हलवत परत यायचं आणि मधे दोन महिने गेलेले.

२ए चा अर्ज ज्या कोर्टानं हुकूम दिला तिथंच करायचा. त्यात ३ महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंग आहे आणि मोडणाऱ्याची मिळकत जप्त करता येते. जप्ती जास्तीत जास्त एक वर्ष, तोवर पण ऐकलं नाही तर मिळकत विकून त्यातनं तुम्हाला नुकसानभरपाई देता येते. माणूस तुरुंगाला जेवढा भीत नाही तेवढा सातबाऱ्यावर जप्तीची नोंद पडायला भितो, हे माझं वीस वर्षांचं निरीक्षण. पुढच्या हंगामाचं सोसायटीचं कर्ज अडकतं ना.

पण एक नीट समजून घ्या. २ए म्हणजे शेजाऱ्याला शिक्षा. तुमचा चर त्यानं आपोआप बुजत नाही. त्यासाठी सोबत वेगळा अर्ज लागतो, त्याच संहितेच्या कलम १५१ खाली, चर बुजवून रस्ता पूर्वी होता तसा करून द्यावा आणि गरज पडल्यास पोलीस बंदोबस्त द्यावा असा. पोलीस आज जे म्हणाले ते आगाऊपणानं म्हणाले असं नाही, दिवाणी हुकमावर ते स्वतःहून सहसा हात घालत नाहीत, कोर्टानं त्यांना सांगितलं की येतात. आणि तीन आठवडे थांबायचं कारण नाही. तारीख आधी घेण्याचा अर्ज द्या, कारणात बाग फुलोऱ्यात आहे आणि फवारणी अडली आहे असं स्पष्ट लिहा, कृषी सहायकाचं पत्र मिळालं तर जोडा.

आता मला दोन गोष्टी सांगा. हुकमात नेमके शब्द काय आहेत, जसेच्या तसे टाइप करा. आणि हुकूम दोन्ही बाजू ऐकून झालाय का एकतर्फी आहे?

सोनाक्का_तासगाव

वकीलसाहेब लई आभार. आज गडी लावून पाईपनं औषध मारून घेतलं, म्हैसाळकर दादांचे पण आभार, सकाळी सहाला सुरू केलं ते दुपारी तीनला उरकलं.

हुकूम एकतर्फी आहे. शब्द असे, "प्रतिवादी, त्याचे नोकर, हस्तक यांनी दाव्याचे कलम १ ब मध्ये वर्णन केलेल्या वहिवाटीच्या रस्त्यास पुढील तारखेपर्यंत कोणतीही हरकत, अडथळा करू नये." बेलिफ गेला तेव्हा घराला कुलूप होतं, दारावर चिकटवून आला. आमच्या वकिलांनी त्याच दिवशी रजिस्टर पोस्टानं पण पाठवलं होतं, ते पाकीट "घेण्यास नकार" शेरा मारून परत आलंय, अजून फोडलेलं नाही.

हुकमात फूट लिहिलेले नाहीत हे आत्ता टाइप करताना ध्यानात आलं. चर सोडून आता रस्ता साडेचार फुटाच्या आसपास राहतोय, त्यात निम्म्यावर भुसभुशीत माती.

विटेकर_अॅड

पाकीट फोडू नका. बंद पाकीट तसंच कोर्टात द्यायचं. त्याच दिवशी पाठवलं हे तुमच्या वकिलांनी फार चांगलं केलं. एकतर्फी मनाई मिळाली की त्या दिवशी नाहीतर दुसऱ्या दिवशी अर्ज, दावा, कागदपत्रं समोरच्याला पाठवून तसं प्रतिज्ञापत्र द्यावं लागतं आणि निम्मे लोक तिथंच चुकतात.

आता माझी धाकधूक तुमच्या हुकमातल्या "पुढील तारखेपर्यंत" या दोन शब्दांनी वाढली. ती पुढची तारीख होऊन गेली का? त्या तारखेला मनाई वाढवली का? नसेल वाढवली तर परवा रात्री हुकूम जिवंतच नव्हता असं होतं आणि मग मोडला काय म्हणायचं? रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं त्याची कोर्टातली नोंद, बघा. ई-कोर्टच्या अॅपवर सीएनआर नंबर (तुमच्या केसचा ऑनलाइन नंबर) टाकला की तारखेला काय झालं ते थोडंफार दिसतं, पण सही-शिक्क्याची नक्कल काढाच. नकलेचा अर्ज उद्याच टाका.

आणि दाव्याचं कलम १ ब काढून वाचा. हुकमात फूट नसले तरी हुकूमच कलम १ ब कडे बोट दाखवतोय. तिथं रुंदी असेल तर ती हुकमात आल्यासारखीच आहे.

गडबडे_मिरज

म्हणजे रस्ता बंद केला हे उघड दिसतंय तरी शब्द शोधत बसायचं. हेच ते कोर्ट.

निवृत्त_गुरुजी_सातारा

गडबडे, शब्द शोधत बसावंच लागतं. मी त्यात पावणेदोन वर्षं घालवली आहेत म्हणून सांगतो.

मी सातारा जिल्ह्यातला, मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झालो. सुरुवातीची काही वर्षांची सेवा पेन्शनला धरली नाही म्हणून मुंबईला रिट केलं. तेव्हा कोल्हापूर बेंच नव्हतं. रात्री महालक्ष्मी धरायची, सकाळी सीएसटीला तोंड धुवायचं आणि फोर्टात चालत जायचं, बोर्डावर आपला नंबर ११४ आणि चार वाजेपर्यंत पोचले ६०. शेवटी निकाल लागला. मी आनंदात. निकालात काय होतं, तर "अर्जदाराच्या निवेदनावर आठ आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्यावा". मी घरी येऊन सांगितलं पेन्शन मंजूर झाली.

आठ आठवडे गेले, काही नाही. मी स्मरणपत्रं देत बसलो, एकूण नऊ दिली, प्रत्येकाची पोच सांभाळून ठेवली जणू पोचेवर पेन्शन मिळते. अकराव्या महिन्यात वकील म्हणाले, गुरुजी कलम २० खाली अवमानाला एक वर्षाची मुदत आहे, तुमची आठ आठवड्यांची मुदत संपली त्या दिवसापासून मोजायची, स्मरणपत्रानं ती वाढत नाही. धावपळ करून टाकली. नोटीस निघाली. आणि तारखेच्या सहा दिवस आधी कार्यालयाचं पत्र आलं, "आपले निवेदन विचारात घेऊन नामंजूर करण्यात येत आहे".

मी म्हटलं आता तर दुप्पट अवमान झाला. न्यायमूर्तींनी निकाल वाचला, पत्र वाचलं आणि म्हणाले निर्णय घ्यायला सांगितला होता, घेतला, उशिरा घेतला पण घेतला. चुकीचा वाटत असेल तर त्याला वेगळं आव्हान द्या, अवमानात आम्ही मूळ निकालाच्या पुढे जाऊ शकत नाही. दहा मिनिटं पण लागली नाहीत. बाहेर येऊन मी वकिलांशी भांडलो, मग घरी येऊन निकाल स्वतः चारदा वाचला. "द्यावी" हा शब्द त्यात कुठंच नव्हता.

दुसऱ्या रिटला मात्र मी वकिलांच्या मागे लागून मागणीच नेमकी लिहून घेतली, अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंतची सेवा धरून सुधारित पेन्शन बारा आठवड्यांत द्यावी. निकाल तसा आला. परत टाळाटाळ झाली, परत अवमान टाकली, पण या वेळी सुनावणीच्या आदल्या आठवड्यात फरकाची रक्कम खात्यावर आली. त्याच खुर्चीतून आली, फक्त खुर्चीत माणूस दुसरा होता. तेही एक लक्षात ठेवा, अवमान खुर्चीवर टाकता येत नाही, नाव घालून माणसावर टाकावी लागते. मधे बदली झाली की आधीचा म्हणतो माझ्याकडे चार्ज नाही, नवीन म्हणतो मला निकालाची माहिती नाही. म्हणून नवीन साहेब आले की त्यांना निकालाची प्रत परत द्यायची आणि पोच घ्यायची, तेवढ्या पोचेचा उपयोग होतो.

विटेकर_अॅड

गुरुजींनी सांगितलं ते अक्षरशः रोजचं आहे. शंभरातल्या कित्येक पिटिशन "निर्णय घ्यावा" वर संपतात आणि पक्षकार पेढे वाटतो. निकालाच्या चार कोपऱ्यांबाहेर अवमानात जाता येत नाही हे सुप्रीम कोर्टानं अनेकदा सांगितलंय, २०१४ च्या ओएनजीसीच्या प्रकरणात तर अगदी स्पष्ट. आणि अवमान टाकली की साहेब कोर्टात उभे राहणार ही हौस पण आता कमी करा. जानेवारी २०२४ ला सुप्रीम कोर्टानं अधिकाऱ्यांना बोलवण्याबद्दल नियमच घालून दिले, ऊठसूट बोलवायचं नाही, बोलवायचंच तर आधी व्हिडिओवर.

सांगलीवाडी_२०१९

मी दुसऱ्या बाजूनं लिहितो, कारण माझ्यावर हाच २ए चा अर्ज पडला होता.

भावाभावात वाटणीचा दावा, घराबद्दल कोर्टाचा जैसे थे हुकूम. २०१९ च्या महापुरात आमच्या घरात छातीभर पाणी. पाणी उतरलं तेव्हा मागची मातीची भिंत बसली, आई म्हातारी, जनावरं उघड्यावर. मी विटा आणून भिंत घातली. भावानं लगेच अर्ज टाकला, जैसे थे असताना बांधकाम केलं, तुरुंगात टाका. दोन वर्षं चाललं ते. जबाब, उलटतपास, पुराचे फोटो, पंचनाम्याची नक्कल. शेवटी कोर्टानं अर्ज फेटाळला, कारण हुकूम मुद्दाम मोडला असं सिद्ध होत नव्हतं, पडलेली भिंत त्याच जागी घातली होती. पण माझ्याच वकिलांनी मला सुनावलं की भिंत घालायच्या आधी एक साधा अर्ज देऊन परवानगी घेतली असतीस तर दोन वर्षं वाचली असती. खरं आहे. पण तेव्हा कोर्टच पुरातनं सावरत होतं आणि मी घरातला चिखल काढत होतो, अर्ज कुणाला सुचतोय.

सांगायचं काय तर समोरचा प्रत्येक वेळी माजलेलाच असतो असं नाही. कोर्ट हा अर्ज नेहमीच्या अर्जासारखा बघत नाही, माणसाला आत टाकायचा प्रश्न असतो म्हणून पुरावा कडक मागतं आणि तो द्यायची जबाबदारी तुमची. तुमच्या शेजाऱ्याचं मात्र एक मला पटत नाही. पाण्याचा निचरा करायला चर मारणारा माणूस रात्री साडेअकराला जेसीबी लावत नाही.

सोनाक्का_तासगाव

सांगलीवाडीकर, त्यानं खरंच तेच सांगितलंय लोकांना, निचऱ्यासाठी मारला म्हणून!

नक्कल मिळाली. वकीलसाहेब रोजनामा असा आहे, मागच्या तारखेला त्याचे वकील हजर झाले, वकीलपत्र दाखल केलं, म्हणणं द्यायला मुदत मागितली, कोर्टानं मुदत दिली आणि खाली लिहिलंय "मनाई पुढील तारखेपर्यंत कायम". चर त्यानंतर नवव्या दिवशी मारलाय.

आणि कलम १ ब मध्ये आहे, "साधारण ८ ते १० फूट रुंदीचा गाडीरस्ता". साधारण का घातलं कोण जाणे, मी तेव्हा सही करताना वाचलं पण नव्हतं. सोबतच्या कच्च्या नकाशात मात्र १० फूट आहे.

विटेकर_अॅड

झालं तुमचं काम! म्हणजे निम्मं झालं. मला हुकूम मिळाला नाही असं म्हणणाऱ्याचा वकील त्याच हुकमावर मुदत मागून गेलाय आणि त्याच्यासमोर मनाई कायम झालीय. दारावर चिकटवलेली प्रत, परत आलेलं पाकीट हे सगळं आता जोडीला. (हल्ली व्हॉट्सअॅपचं पण धरतात, २०१८ मध्ये मुंबई हायकोर्टानं निळ्या खुणा आणि उघडलेली पीडीएफ बघून नोटीस पोचली असं मानलं होतं. पण रोजनाम्याची सर त्याला नाही.)

साधारण हा शब्द त्याचा वकील चघळणार. चघळू दे. साधारण ८ ते १० मध्ये साडेचार कुठल्याच हिशोबानं बसत नाही. आणि गाडीरस्ता म्हटलंय, त्यामुळं ट्रॅक्टर कसाबसा जातो हे उत्तर होत नाही, पिकअप जाते का ते बघायचं. पण हे तुमच्या टेपवर चालणार नाही, तुमचा टेप म्हणजे तुमचाच साक्षीदार. कोर्ट कमिशनर नेमायचा अर्ज द्या, तो दोघांसमोर मोजून नकाशासह अहवाल देईल. पाऊस होऊन माती बसायच्या आत व्हायला पाहिजे. तुमचे व्हिडिओ मोबाइलमध्ये आहेत ते मूळ फोनमध्येच ठेवा, कोर्टात देताना नवीन साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं, जुन्या ६५बी च्या जागी आलंय.

उद्या मनाई उठली किंवा वर अपिलात रद्द झाली तर काय असं विचारणार असाल तर, हुकूम लागू असताना मोडला तो मोडलाच. मुंबईच्याच एका प्रकरणात, १९९७ ला, सुप्रीम कोर्टानं सांगितलंय की पुढं कोर्टाला अधिकारच नव्हता असं ठरलं तरी मधल्या काळात हुकूम मोडल्याचा जाब द्यावाच लागतो. पटत नसेल तर वर जावं, स्थगिती आणावी, तोवर पाळावं. जेसीबी हे अपील नव्हे.

आणि खर्चाचं, इथं लिहीत नाही. आपल्या वकिलांना विचारा आणि त्यांच्यावर चिडू नका, त्यांनी पोस्टाचं काम चोख केलंय. हे सगळं त्यांना दाखवा, वकील बदलू नका.

म्हैसाळचा_पाटील

तहसीलदाराकडं का नाही गेला दादा? आमच्यात सगळे मामलेदार कोर्टातच जातात रस्त्याला.

विटेकर_अॅड

जाता येतं, १९०६ चा मामलेदार कोर्ट कायदा आजही चालू आहे, पण अडथळा झाल्यापासून ६ महिन्यांच्या आत जावं लागतं आणि तो हुकूम मोडला तर वाट वेगळी, सरकारी हुकूम मोडल्याचं कलम, पूर्वी १८८ आता न्याय संहितेचं २२३. यांचा दावा दिवाणीत आहे आणि मनाई हातात आहे, आता दुसरं दार ठोठावून गोंधळ नको.

एक राहिलं. समोरचा आता तडजोडीला येईल, बहुतेक पहिल्याच तारखेला. येऊ दे. पण नुसत्या पुरसीसवर (कोर्टात दिलेल्या लेखी निवेदनावर) विषय मिटवू नका. चर अमुक दिवसांत बुजवतो, कलम १ ब प्रमाणे रुंदी ठेवतो, अशी कोर्टाला हमी लिहून घ्या आणि ती कोर्टानं स्वीकारली असं हुकमात येऊ दे. आपसात ठरलेलं मोडलं तर परत दरखास्तीच्या (हुकमाची अंमलबजावणी मागायच्या अर्जाच्या) रांगेत जावं लागतं, कोर्टाला दिलेली हमी मोडली तर तो थेट अवमान. दरखास्तीची रांग किती आहे माहितीय का, २०२५ मध्ये सुप्रीम कोर्टापुढं आकडा आला तो देशभरात ८ लाख ८० हजारांच्या वर, आणि सगळ्यात जास्त आपल्या महाराष्ट्रात. निकाल लागून पण हातात न आलेली ही सगळी प्रकरणं.

गडबडे_मिरज

बरं, मी माघार घेतो. पण गावातल्या चार माणसांचं माझं म्हणणं अजून आहेच.

सोनाक्का_तासगाव

पाच आठवड्यांनी लिहितोय, मधे बागेच्या गडबडीत राहून गेलं. सगळ्यांना सांगायलाच पाहिजे म्हणून.

तारीख आधी मिळाली, आठवड्यानं. २ए ची नोटीस निघाली. कमिशनर वकीलबाई आल्या, उन्हात छत्री धरून दोन तास मोजत होत्या, एका टोकाला मी टेप धरलेला दुसऱ्या टोकाला शेजारी. दोन वर्षांत पहिल्यांदाच आम्ही दोघं दहा फुटावर उभे. सगळ्यात अरुंद ठिकाणी ४ फूट ३ इंच निघाला. शेजारी म्हणाला टेप ढिला धरलाय, त्यावर बाई म्हणाल्या तुम्ही ओढा, त्यानं ओढला तर ४ फूट २ इंच. अहवालात दोन्ही लिहिलेत.

पुढच्या तारखेला त्याचा वकील माफीनामा आणि हमीपत्र घेऊनच आला. आठ फूट ठेवतो, दहा दिवसांत बुजवतो. आमच्या वकिलांनी हमी कोर्टाकडनं स्वीकारून घेतली आणि हुकमात आणली. २ए चा अर्ज मात्र मागे घेतलेला नाही, नुकसानीचं बघायचंय, कारण मधल्या काळात हातानं औषध मारून पण पश्चिमेकडच्या चार ओळीत डाऊनी घुसला, घड गेले. बाकी बाग बरी आहे, विरळणी झाली.

काल चर बुजवला. तोच जेसीबी, तोच ड्रायव्हर. शेजारी आलाच नाही, पोराला पाठवलं होतं, ते लांब मोबाइल बघत उभं. ड्रायव्हर खाली उतरून मलाच विचारतोय, आण्णा किती रुंद ठेवू? मी खिशातनं दाव्याची झेरॉक्स काढली आणि कलम १ ब वाचून दाखवलं. तो म्हणाला साधारण म्हणजे नक्की किती ते सांगा, मला बकेट मारायची हाय.